कुरुळीतला रविवारचा शो

काय सांगू राव, भरल्या हॉलमध्ये हातात माइक घेऊन मी स्वतःची शोभा करून घेतली. तीही पूर्ण आत्मविश्वासाने!

मी विनोदी पिक्चर काढतो. लेखक मी, दिग्दर्शक मी, हिरोही मीच. सध्या दुसऱ्या पिक्चरचं शूटिंग चालू आहे, दर गुरुवारी. गुरुवारीच का? तोच तर किस्सा आहे!

पहिला पिक्चर आमच्या गावालगतच्या कंपनीच्या कॅन्टीनवर होता. दोन वर्षं शहरात, वाकडला, मित्रांच्या फ्लॅटवर राहून तो बनवला आणि पहिला शो गावी, कुरुळीत ठेवला. आबांची, म्हणजे वडिलांची, अटच होती तशी.

"लोक शेवटपर्यंत बसले तर खुशाल काढ पिक्चर," आबा म्हणाले. "मधनंच उठले तर गुमान कंपनीत जायचं. सायबाशी बोलून ठेवलंय मी."

"आबा, लोक हसून हसून लोळतील!"

रविवारी दुपारी बाराला देवळाजवळचा हॉल खचाखच भरला. निम्मे लोक तर कंपनीच्या युनिफॉर्ममध्ये, पायात सेफ्टी शूज! मला भरूनच आलं हो. पिक्चर कॅन्टीनवर, म्हणून लोक वेश करून आले! जेवणाचे डबेही आणले होते. म्हणजे उठायचं नाव नाही. मी आबांकडे बघून कॉलर ताठ केली.

पिक्चर रंगला, खोटं कशाला बोलू? हशा थांबता थांबेना. शेवटी हिरो, म्हणजे अस्मादिक, खिचडीच्या पातेल्यात पडणार, इतक्यात अर्धा हॉल एकदम उभा राहिला.

उभं राहून दाद! तीही शेवट बघायच्या आधीच! मी पिक्चर थांबवला, माइक घेतला आणि दार अडवून भाषणच सुरू केलं.

"मायबाप रसिकहो, इतकं प्रेम नको!"

"भाऊ, जाऊ द्या," पुढचा युनिफॉर्मवाला म्हणाला.

"विनय बघा यांचा!" मी त्याला मिठीच मारली.

"अवो सोडा! शेकंड शिफ्टची बस आलीय!"

"रविवारी कसली शिफ्ट?"

"आपल्याकडं कंपन्यांना सुट्टी गुरुवारी असती, इसरला व्हय?"

खल्लास! कुरुळीत जन्मलेला मी, आणि वाकडच्या दोन वर्षांत गावचा सुट्टीचा वार विसरलो! माणसं बसची वाट बघत वेळ काढायला आली होती. बाहेर हॉर्न वाजला आणि सगळे माझ्या बगलेखालून पसार झाले.

आबा एवढंच म्हणाले, "उठले."

पुढच्या सोमवारी मी युनिफॉर्म घालून, डबा घेऊन त्याच बसमध्ये चढलो. आणि अख्खी बस उभी राहिली! टाळ्या, शिट्ट्या!

"हिरो, पातेल्यात पडला का न्हाई, ते सांग की!"

आता मला राहवतंय होय? तिथंच वळलो, हात वर केला. "मायबाप रसिकहो..."

"ओ हिरो," ड्रायव्हर ओरडला, "आधी दारातनं सरका! मागं लोक चढायचेत!"