मरळीचं डोकं आणि दोन थोरल्या बहिणी

"मरळीचं डोकं थोरलीच्या ताटात. आता थोरली कोनती, ते मले नको इचारू. मी तवा बांधीत होतो."

हे माझ्या सिहोऱ्याच्या आजोबांचं वाक्य, मी लहान असताना ऐकलेलं. बांधी म्हणजे बांध घातलेलं धानाचं शेत. आजोबा तिथे चिखलात होते आणि इकडे घरी जुळ्या मुली झाल्या: माझी आई आणि सुमनमावशी. सुईणीनं दोघींना एकाच लुगड्यात गुंडाळलं आणि मग आधीची कोणती, याचा तिचाही गोंधळ झाला. आता दोघी सत्तरीच्या आहेत, आणि दोघीही थोरल्या आहेत. मधे मामाकडच्या पंगतीत मामीनं मरळ माशाचं ते मानाचं डोकं आईच्या ताटात वाढलं, मावशी भरल्या ताटावरून उठली, आणि तेव्हापासून दोघींचं बोलणं बंद आहे.

मी नागपूरला कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवते. माशांच्या वंशवृक्षाच्या धड्यासाठी फोटो हवेत, असं सांगून मी मावशीच्या गावी, एकोडीला निघाले. कारण खोटं नव्हतं. पण खरं तर मावशीला आईशी बोलतं करायचं होतं.

जायचं असेल तर धान निघाल्यावर, थंडीत जा. नागपूरहून साकोलीची एसटी मिळते आणि बायकांना अर्धंच तिकीट पडतं. भंडाऱ्याला गाडी थांबली की उतरून आलुबोंडा-तर्री खा, पण पांढरे कपडे घालून नको. साकोलीला थेट मासळीबाजारात गेले. घमेल्यात रोहू, कतला निपचित पडलेले, आणि शेजारच्या बादलीत मरळी जिवंत. मधूनच एखादी वर येऊन हवेचा घोट घ्यायची आणि पुन्हा बुडायची. मी वाकून फोटो काढतच राहिले.

"बाई, फोटोनंच पोट भरसान का घेसान बी?" विकणारीनं विचारलं.

"घेते ना. पण ही बघा, हवा पिते आहे!"

"पिऊ द्या. तिच्यावर कोनी तिकीट लावलं काय?"

मरळीचं हे हवा पिणं मला फार आवडतं. हे कसब तिच्या पूर्वजांनी वंशवृक्षातल्या त्यांच्या फांदीवर स्वतः कमावलं. आपली फुप्फुसं वेगळ्या वाटेनं आली. मी मोठीशी मरळ घेतली आणि एकोडीच्या काळी-पिवळी जीपमधे पिशवी मांडीवर धरून बसले. पिशवी हलली की शेजारचे काका जरा सरकायचे. उतरेपर्यंत मला ऐसपैस जागा झाली होती.

मावशीनं दारातच पिशवी उघडून पाहिली. "मरळ? काहून आनली, मले समजते. तुया मायनं धाडली तुले."

"तिला माहीतही नाही, मी इथे आलेय ते."

रस्सा चुलीवर रटरटत असताना मी सारवलेल्या अंगणात खडूनं झाड काढलं. एक खोड, वर दोन फांद्या. एका फांदीवर रोहू आणि मरळ. दुसरीवर फुप्फुसानं श्वास घेणारे परदेशातले काही मासे, आणि त्यांच्याजवळच्याच फाट्यावर बेडूक, कोंबडी, मावशी.

"म्हंजे मी मासोळीच्या झाडावर?"

"आपण सगळेच."

"मंग रोहू आपली आजी व्हय?"

माझे विद्यार्थी दरवर्षी हेच विचारतात. "नाही गं, लांबची चुलत बहीण. आजी केव्हाच गेली. ती रोहूसारखी नव्हती आणि आपल्यासारखीही नव्हती."

मावशीनं चुलीतलं लाकूड पुढे सरकवलं. "चुलत असन त खायाले हरकत नाही. आमच्या भाऊबंदायनं आमचं काय ठेवलं?"

आता हीच वेळ, असं मला वाटलं. मी एका फाट्यावर बोट ठेवलं. "आता सांग, या दोन फांद्यांत थोरली कोणती?"

"उजवी."

"का?"

"तू तिलेच आधी काहाडली."

मी दोन्ही पुसून पुन्हा काढल्या, या वेळी डावी आधी. फाट्यापाशी फांद्यांची अदलाबदल केली तरी झाड तेच राहतं, दोन्ही एकाच गाठीतून आणि एकाच वेळी फुटतात, हे वर्गात सांगते तसं सगळं सांगितलं. मावशीनं दोन्ही फांद्यांवरून बोट फिरवलं.

"झाड ठीक हाय," ती म्हणाली. "पन लुगडं एकच होतं, तरी तोंडं दोन होती."

जेवताना तिनं डोकं कोणाच्याच ताटात वाढलं नाही. मी रस्सा-भात चापून खाल्ला आणि विचारायचं धाडस केलं नाही. सकाळी निघताना तिनं स्टीलचा डबा माझ्या हातात दिला. आत रश्श्यात मरळीचं अख्खं डोकं.

"तुया मायले सांगजो, थोरली मी हाय, म्हनून देऊन राहिली."

परतीच्या बसमधे तो डबा मांडीवर कोमट लागत होता. समेट म्हणावा की चिमटा, ते ठरत नव्हतं. उड्डाणपुलांवर गाडी उसळली की मी झाकण दाबून धरत होते, रस्सा सांडला तर सगळंच सांडेल अशा भीतीनं.

घरी आईला निरोप शब्दशः सांगितला. तिनं डबा उघडला. डोकं ताटात घेतलं आणि एकेक हाड चोखून शेजारी मांडत गेली. शेवटी म्हणाली, "मीठ अजून बी कमीच घालते." मग पदरानं डोळे पुसले आणि मिरचीला नावं ठेवली.

या प्रवासातून मी फोटो बरेच आणले, पण मनात राहिला तो अंगणातला फाटा. कुठे वेगळे झालो ते नेमकं दाखवता येतं, आणि तीच जागा एकत्र असण्याचा पुरावा असते. मात्र हे मला कळूनही दोघी जुळ्यांचा एकमेकींना फोन काही जात नाही.

डबा घासून ओट्यावर उपडा ठेवलाय. आमच्याकडे डबा रिकामा परत पाठवत नाहीत. आईनं त्यासाठी कालच तिळाचे लाडू वळले आणि माझ्याकडे न बघता म्हणाली, "जाशीन तवा नेऊन दे."

गुडघे दुखतात म्हणशील, बस लागते म्हणशील, धाकटीनं आधी यावं असंही म्हणशील, मला ठाऊक आहे. तरी विचारते. आई, या खेपेला डबा तू घेऊन चलतेस का? खिडकीची जागा मी धरते.