थिजवणाच्या खोलीतून आलेली कमलम्मा

कमलम्मा यांची व माझी ओळख सोलापूरजवळच्या कुंभारीच्या प्रौढ साक्षरता वर्गात झाली. बिडी कामगारांच्या घरकुलांजवळील समाजमंदिरात तो वर्ग दुपारी भरत असे. आम्ही सर्व जणी पांढऱ्या केसांच्या होतो. कमलम्मांचे केस मात्र काळेभोर होते. पहिल्याच दिवशी बजाबाईंनी त्यांना हटकले.

"आयला सोडायला आलीस व्हय ग? कुटं हाय तुजी आय?"

कमलम्मा चटई झाडून बसल्या व शांतपणे म्हणाल्या, "मीच शिकायला आले की. बजाबाई, तुमच्या लग्नात मी जेवून गेलेय. वांग्याची भाजी खारट झालती."

थिजवणाच्या खोलीतील बाई ती हीच, हे सर्वांच्या ध्यानात आले आणि त्यांच्या शेजारची जागा रिकामी राहिली. वर्गात माझ्यासाठी दुसरी जागा नव्हती, म्हणून मी तेथे बसले.

आमच्या भागात थिजवण म्हणजे काय हे लहान मुलालाही ठाऊक आहे. परंतु बाहेरच्या वाचकांसाठी सांगणे योग्य होईल. काळ्या खडकातून पाझरणारा तो एक करडा चीक आहे. त्याच्या जवळ काळ मंदावतो. सुताला द्यायच्या खळीत ते किंचित मिसळले, तर त्या सुताच्या चादरीत गुंडाळलेले दूध नासत नाही. जखमी माणसाला त्या चादरीत घेऊन गेले, तर दवाखाना येईपर्यंत त्याचे रक्त वाहून जात नाही. मात्र कच्चे थिजवण फार जोरकस असते. चादरींच्या कारखान्यात त्याची कढई एका वेगळ्या खोलीत असे. आतल्या बाईने चार वेळा कढईत डाव फिरवेपर्यंत बाहेर दिवस मावळत असे, आणि तिला स्वतःला काहीच जाणवत नसे. म्हणून तिच्या घरचे एक माणूस दाराबाहेर बसे व संध्याकाळी तिला हाक मारून बाहेर बोलावी. परक्या घरच्या बाईला हाक मारायची नाही, असा सक्त रिवाज होता. तिचे थांबलेले आयुष्य हाक मारणाऱ्याच्या अंगावर येते, अशी लोकांची समजूत होती.

कमलम्मांसाठी त्यांचे पती नरसय्या बसत. एके दिवशी तेथे बसल्या बसल्याच त्यांच्या छातीत कळ आली आणि ते गेले. लोकांनी त्यांना उचलून नेले, सर्व विधी यथासांग केले. पण कमलम्मांना हाक कोणी मारायची, हे काही ठरेना. सासरचे म्हणाले, आमचा मुलगा गेला, आता माहेरच्यांनी बोलवावे. माहेरचे म्हणाले, दिलेली मुलगी आमच्या घरची कशी? नणंद कमलम्मांच्या लहानग्या मुलीला, नागमणीला, घेऊन भिवंडीला निघून गेली. पुढे कारखाना बंद पडला, खोलीला कुलूप लागले. खिडकीतून पाहिले तर कमलम्मा डाव उचलून उभ्या दिसत. हळूहळू लोकांनी त्या गल्लीने जाणेच सोडले.

नागमणीला आई वारल्याचे सांगण्यात आले होते. आत्याने खरी गोष्ट सांगितली ती स्वतःच्या अखेरच्या आजारात. तोवर नागमणीच्या मुलाला सोलापुरात नोकरी लागली होती. तिने कुलूप फोडविले व दारातून हाक मारली. पुढचे कमलम्मांनी मला त्यांच्या ओट्यावर, बिडीची पाने कापता कापता सांगितले.

"'अम्मा' असं ऐकू आलं. मी डाव ठेवून बाहेर आले. दारात एक पिकल्या केसांची बाई रडत होती. मी म्हटलं, बाई, जरा बाजूला व्हा, माझी पोर शाळेतनं यायची वेळ झाली." कातरी थांबली. "ती डोळे पुसून बाजूला झाली. त्यानंतर तिनं मला अम्मा म्हटलं नाही."

या गोष्टीस आता काही वर्षे झाली आहेत. कमलम्मा एकट्याच राहतात. त्यांच्या बरोबरीच्या बायका वारल्या आहेत किंवा त्यांना ओळख देत नाहीत. नळावर त्यांची घागर भरून झाली, की पुढची बाई थोडे पाणी वाहू देते. पहाटे कारखान्याच्या भोंग्याच्या वेळी त्या अजून उठून बसतात, आणि कारखाना बंद पडलेला आहे हे आठवल्यावर पुन्हा आडव्या होत नाहीत.

एकदा त्यांच्या सांगण्यावरून मी त्यांच्यासोबत जुळे सोलापूरला नागमणीच्या घरी गेले. कमलम्मांनी शेंगापोळ्या नेल्या होत्या. नागमणीची सून अंकिता हिने दार उघडले.

"अगं कमल, बरी आलीस. आज भांडीवाली आली नाही. जरा हात लावशील का?"

सासूच्या माहेरकडील कोणी गरजू बाई, एवढेच अंकिताला सांगण्यात आले होते. कमलम्मांनी पदर खोचला व त्या मोरीकडे गेल्या. नागमणी सोफ्यावर बसून त्यांच्या पाठीकडे पाहत राहिली. मग मला हळूच म्हणाली, "तुम्हाला वाटत असेल, मी निर्दयी आहे. मावशी, मला दिवस गेले तेव्हा आई नव्हती, बाळंतपणाला नव्हती. आता माझे गुडघे गेलेत, आणि ती आली ती अशी तरणीताठी. सुनेला काय म्हणून सांगू? सांगायला लागले की माझी जीभच उचलत नाही."

मोरीतील भांड्यांचा आवाज थांबला होता. थोड्या वेळाने तो पुन्हा सुरू झाला.

निघताना अंकिताने त्यांच्या हातावर चहाचा कप ठेवला व पुढच्या रविवारीही येण्यास सांगितले. नागमणी दारापर्यंत आली.

परतीच्या रिक्षात कमलम्मांना मी विचारले, "पुन्हा जाणार का?"

"जाणार की. माझी पोर हाय तितं."

मग माझ्याकडे वळून त्या म्हणाल्या, "तुमी म्हाताऱ्या दिसता. तुमच्या तोंडून आलं, तर मी तुमच्याहून थोरली हाय हे ती सून ऐकंल. रविवारी माझ्यासंगं या, आणि तिच्यासमोर मला अक्का म्हणा."