जावयाची साइट आणि आपट्याचं पान

आमच्या गिरगावातल्या दुकानात गिऱ्हाईक आधी वस्तू मिळवतं आणि मग आमच्याकडे येऊन विचारतं, "बसेल ना?" नाही म्हटलं की दुकानाच्या पायऱ्या उतरेपर्यंत पुटपुटत जातं. त्याला मी काही करू शकत नाही. लोखंडाला भीड नसते.

दुकान खेळाच्या सामानाचं. पुढे कॅरम, बॅटी, बॅडमिंटनची फुलं. आत शेठच्या गादीमागे छऱ्याची पिस्तुलं आणि रायफली, आणि त्यांच्यापुढे मी. मी बी.एस्सी. आहे, फिजिक्स घेऊन, सेकंड क्लास. आमच्या परळच्या चाळीतली पहिली पदवीधर. बाबा गिरणीत साचेखात्यात, म्हणजे मागांवर, विणकर होते. संप झाला तेव्हा मी शाळेत होते. संप कधी मिटला ते कोणाला कळलंच नाही, गिरणी तेवढी बंद राहिली. आईने डबे केले आणि त्या डब्यांवर मी शिकले. तेव्हा सेकंड क्लास सांगताना मी आवाज खाली घेत नाही.

मी सांगते आहे त्या वर्षांत हौशी नेमबाजांत रेड डॉट साइटची टूम निघाली होती. ही काडेपेटीएवढी वस्तू पिस्तुलाच्या पाठीवर बसवतात. तिला एक उभी काच असते. बटण चालू केलं की काचेत लाल ठिपका दिसतो, आणि ठिपका जिथे धराल तिथे छर्रा जातो. निदान जायला हवा. साध्या पिस्तुलावर मागे खाच असते, पुढे काडी असते. ती दोन्ही आणि समोरचं निशाण अशी तिघांची मोट बांधावी लागते. ठिपक्याला ती कटकट नाही.

कटकट असते ती बसवण्यात. पिस्तुलाच्या पाठीवर साइट बसवायची वेगळी खाच आहे का? असली तर अरुंद की रुंद, दातेरी? साइटच्या पोटाखालचा जबडा कुठल्या मापाचा? आणि स्क्रू आवळल्यावर तो जबडा खाच खरंच धरतो, की नुसता धरल्यासारखं करतो? माणसांतही हा शेवटचा प्रकार फार.

आई म्हणायची, "लोकांच्या पिस्तुलांचे पत्रिका बघतंस, तुझी कधी बघूची?"

आता बाबांचं सांगते. गिरणी गेल्यावर ते लालबागच्या एका व्यायामशाळेत राखणदार म्हणून लागले. तिथे तालमीच्या मागे एक लांबलचक बोळ होता आणि त्यात छऱ्याच्या पिस्तुलाचा सराव चाले. हजार धाग्यांतला एक तुटलेला धागा लांबून हेरणारी नजर, तिला कागदावरचा काळा गोल म्हणजे काय! वर्ष-दोन वर्षांत बाबा भल्याभल्यांना भारी पडायला लागले. पुढे वय झालं, नोकरी सुटली, पण व्यायामशाळेचं जुनं पिस्तूल त्यांच्याच ताब्यात राहिलं.

त्या व्यायामशाळेत दसऱ्याचा एक मान होता. बोळाच्या टोकाला दोऱ्याने आपट्याचं पान टांगायचं आणि सगळ्यांत ज्येष्ठ नेमबाजाने ते पाडायचं. तीन छर्रे मिळत. पान पडलं की सोनं वाटायला सुरुवात. न पडलं तर मान पुढच्या ज्येष्ठाकडे जाई, आणि एकदा गेलेला मान परत येत नसे. बाबांच्या पाठीमागे नंबर होता त्यांच्याच गिरणीतल्या टाइमकीपरचा. गिरणीत यानेच बाबांना कितीदा उशिराची खूण मारलेली. आता दोघे म्हातारे, रोज संध्याकाळी एकाच बाकड्यावर बसायचे आणि एकमेकांना टोचायचे. नावं दोघांनीही सोडून दिली होती. हा त्याला "टाइमकीपर" म्हणे, तो याला "विणकर".

आदल्या दसऱ्याला बाबांचे दोन छर्रे वाया गेले आणि तिसऱ्याने पानाचा कोपरा कसाबसा उडवून पान पाडलं.

"लागला नाय रे, पान घाबरून पडलं," टाइमकीपर म्हणाला.

बाबा हसले, पण घरी आल्यावर जेवले नाहीत. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं होतं. लांबचं स्वच्छ दिसे, पण हातभर अंतरावरची पिस्तुलाची काडी पुसट झाली होती. "पान दिसतं तर काडी दिसत नाय, काडी दिसते तर पान दिसत नाय," ते म्हणाले. "पुढच्या दसऱ्याला मान त्या घड्याळवाल्याकडे जाणार."

हे माझ्या मोठ्या बहिणीच्या कानावर गेलं. ती वरळीला दिलेली, नवरा मस्कतला. गणपतीला भावोजी आले ते बाबांसाठी रेड डॉट साइट घेऊनच. खोका चकचकीत. चाळीतल्या सगळ्या खोल्यांतून फिरून तो आमच्याकडे परत आला तेव्हा त्याच्या कडा मऊ झाल्या होत्या.

"सगळ्या पिस्तुलांना चालते," भावोजी म्हणाले. "खोक्यावर लिहिलंय."

मी पिस्तूल काढलं, साइट उलटी केली, जबडा बघितला. रुंद खाचेचा. आमच्या पिस्तुलाची खाच अरुंद. स्क्रू शेवटपर्यंत पिळला तरी साइट बैलाच्या पाठीवरच्या कावळ्यासारखी नुसती टेकलेली.

"नाही बसत," मी म्हणाले.

बहिणीने माझ्याकडे असं बघितलं जसं मी साइटबद्दल नाही, तिच्या नवऱ्याबद्दल बोलले. आईने मला बाहेर गॅलरीत ओढलं.

"काय गो, अक्कल हा काय? जावयान एवढ्या लांबसून हाडलेला, ता बसाक व्हयाच!"

"आई, खाच अरुंद आहे."

"मगे रुंद कर!"

जावयाने आणलेलं लुगडं आखूड असलं तरी नेसायचं, आंबे आंबट असले तरी दुसरी फोड मागून घ्यायची, हा आमच्या घरचा कायदा. त्यात पिस्तुलाची सूट नव्हती. आत गेले तर बाबा भावोजींना सांगत होते, "छान बसली हो! जरा हलते, पण हलणारच. नवीन आहे."

"बघा मेव्हणीबाई," भावोजी म्हणाले, "कॉलेजात सगळंच शिकवत नाहीत."

मी चहा ठेवायला उठले. माझा स्वभाव ओळखीच्यांना माहीत आहे. तेव्हा मी काय सोसलं हे त्यांना कळेल.

दुसऱ्या दिवशी बाबांनी आपल्या अकलेने इलाज काढला. पांढऱ्या दोऱ्याने साइट पिस्तुलाला बांधली आणि वर विणकराची गाठ मारली. ही गाठ सुटत नाही, सांगते. आमच्या घरी दुधाच्या पिशवीलाही बाबा तीच गाठ मारायचे आणि मग आई ती दाताने तोडायची. व्यायामशाळेत जाऊन बाबांनी छर्रा मारला. गाठ सुटली नाही, पण पिस्तुलाच्या धक्क्याने साइट मान वळवून शेजारच्या भिंतीकडे बघायला लागली. दुसरा छर्रा भिंतीला.

"विणकर, पान इकडे टांगू की तिकडे?" बाकड्यावरून आवाज आला.

त्या रात्री बाबा म्हणाले, "बाय, तू म्हणालीस तेच खरं. पण जावईबापूंना सांगू नको."

"सांगत नाही. जोडपट्टी मागवते."

जोडपट्टी म्हणजे खालून अरुंद खाच धरणारा आणि वरून रुंद खाच देणारा लोखंडाचा तुकडा. शेठना सांगितलं. शेठ गुजरातीत म्हणाले, "आवशे, आवशे." म्हणजे येईल. ते म्हणतात 'आवशे' तेव्हा वस्तू येते, पण सण कुठला ते सांगत नाहीत. घट बसले, माळा चढत गेल्या, आणि पट्टी आली ती खंडेनवमीच्या आदल्या संध्याकाळी. घरी येऊन पट्टी चढवली, तिच्यावर साइट चढवली, स्क्रू आवळले, धरून हलवून बघितलं. जबड्याने खाच अशी धरली होती जशी आई बाजारात कोळणीचा हात धरते. बसली! आता फक्त काही छर्रे मारून ठिपका निशाणाशी जुळवायचा. ते सकाळी करू म्हटलं.

सकाळी मला जाग आली ती धुपाच्या वासाने. गिरणी चालू होती तेव्हा खंडेनवमीला बाबा आपल्या साच्याला झेंडूची माळ घालायचे आणि आम्ही नवे कपडे घालून बघायला जायचो. साचा गेला, पण आई पूजा सोडणारी बाई नव्हती. तेव्हापासून पाटावर बाबांचा साच्यावरचा जुना धोटा, तिची विळी, डब्यांची करंडी आणि माझी फिजिक्सची पुस्तकं असायची. त्या वर्षी मधोमध पिस्तूल बसलं होतं. साइट वर, झेंडू तिच्यावर.

"आई, मला ते जरा जुळवायला हवं."

"आज हत्यार उचलूचा नाय. पूजेत बसला मा ता? उद्या बघ."

"उद्याच तर मान आहे!"

"मगे देव बघून घेतलो."

मी फिजिक्सची पदवीधर, पण माझं फिजिक्सही त्याच पाटावर हळद-कुंकू लावून बसलं होतं.

दसऱ्याला सकाळी आईने अक्षता टाकल्या, पिस्तूल फडक्यात गुंडाळून बाबांच्या हातात दिलं आणि आम्ही सगळे लालबागला गेलो. बोळ भरला होता. टोकाला पान टांगलेलं. टाइमकीपर इस्त्रीचा सदरा घालून, हातात घड्याळ धरून तयार. गिरणी गेली तरी घड्याळ सुटलं नव्हतं.

बाबा रेषेवर उभे राहिले. मी मागे, बघ्यांसाठी बांधलेल्या दोरीच्या अलीकडे.

"दिसतो का ठिपका?" मी विचारलं.

"दिसतो की! आज जरा जाडाच दिसतोय."

"बॅटरी नवी टाकली ना मी," भावोजी अभिमानाने म्हणाले.

बाबांनी श्वास धरला. फट्! पान जागचं हललं नाही.

"वाऱ्याने तरी हलायचं," टाइमकीपर म्हणाला.

दुसरा छर्रा. पान तसंच. बाबांच्या मानेवर घाम दिसायला लागला. टाइमकीपरने घड्याळ खिशात घातलं आणि सदऱ्याच्या बाह्या दुमडायला घेतल्या. मी दोरी ओलांडून पुढे गेले आणि काचेत बघितलं.

साइटचं बटण बंद. काचेवर मधोमध, बोटाने टेकवलेलं, वाळलेलं, ठसठशीत कुंकू.

"आई!"

"काय झाला?"

"तू काचेवर कुंकू लावलंस?"

"मगे खंय लावू? कपाळासारखा ताच दिसला."

बोळात हसण्याचा जो लोंढा आला तो तालमीतल्या पैलवानांपर्यंत गेला. बाबा दोन छर्रे आईच्या कुंकवाने मारत होते! ठिपका जाडा दिसणारच. मी रुमाल काढला आणि काचेकडे हात नेला.

"पुसू नको!"

ही आरोळी एकट्या आईची नव्हती. मागे बसलेल्या सगळ्या बायकांची होती. सणाच्या दिवशी, नवऱ्याच्या हातातल्या हत्यारावरचं, बायकोने लावलेलं कुंकू पुसायचं? माझा हात तिथेच थांबला. बाबाही म्हणाले, "नको गं बाय. मान जाऊ दे, आई बघते आहे."

"निर्णय काय तो लवकर घ्या," टाइमकीपर म्हणाला. पण त्यानेही 'पुसा' म्हटलं नाही. त्याच्या घरीही बायको होती.

मी आईकडे बघितलं. आई आधी बाबांच्या हातातल्या पिस्तुलाकडे बघत होती. मग ती उठली, पदर खोचला, दोरीखालून वाकून आली. अनामिका जिभेला लावली, काचेवरचं कुंकू अलगद उचललं आणि आपल्या कपाळावरच्या कुंकवावर टेकवलं.

"पुसूचा नसता," ती मला म्हणाली, "पण लावूचा असता. ह्या नाय शिकवलानी कॉलेजात?"

राहिलेली काच मी आईच्या पदराच्याच टोकाने साफ केली, बटण चालू केलं. खरा ठिपका उमटला, बारीक, लखलखीत.

"आता?"

"आता दिसतोय," बाबा म्हणाले आणि पहिल्यांदा नीट उभे राहिले.

फट्!

पान गिरक्या घेत खाली आलं. टाळ्या पडल्या, पण टाइमकीपर सगळ्यांच्या आधी तिथे पोचला. त्याने पान उचललं, उलटंसुलटं केलं, उजेडाकडे धरलं.

"भोक नाय."

खरंच नव्हतं. दोरा तुटला होता. ठिपका जुळवायचा राहिला होता, त्यामुळे छर्रा वर गेला. हे मी तिथल्या तिथे समजावून सांगितलं आणि कोणीही ऐकलं नाही.

"पान पाडायचं असतं, फोडायचं नसतं," भावोजी म्हणाले.

"दोरा तुटला तर वाऱ्यानेही पडतं," टाइमकीपर म्हणाला.

"मग वाऱ्याला मान द्या!" बाबा म्हणाले.

यावर टाइमकीपर पहिल्यांदा हसला. तुटलेला दोरा बोटांत धरून त्याने बाबांना दाखवला. "जन्मभर तुटलेले धागे जोडलेस विणकर, आणि मान राखायला शेवटी धागाच तोडलास."

मग त्याच्या लक्षात आलं की दसरा आहे आणि आपल्या हातात आपट्याचं पान आहे. सगळे बघत होते. दसऱ्याला हातातलं सोनं स्वतःकडे ठेवता येत नाही. त्याने ते बाबांच्या हातावर ठेवलं, म्हणाला, "घे सोनं. मान आणखी एक वर्ष तुझा," आणि वाद मिटला.

वाटपाच्या गर्दीत तो हळूच माझ्याजवळ आला. "गो, मुलाने मला पण अशी एक साइट पाठवलीय, सिंगापूरहून. पिस्तुलावर बसेल ना?"

"मुलाने पाठवलीय, जावयाने नाही?"

"हो."

"मग घेऊन या. नाही बसली तर नाही म्हणून सांगता तरी येईल."