दिगूदादाचा बोळका राक्षस

माझा भाऊ एक नंबरचा थापाड्या होता.

आज सकाळी गेला. पुण्यात, मुलीच्या घरी. चहा मागितला आणि चहा येईपर्यंत गेला.

सकाळपासून फोन चालू आहेत. पन्नाशीतली माणसं हुंदके देतायत. "आत्या, आमचं बालपण गेलं हो!" टीव्हीवरचा बोळका राक्षस तुम्हा सगळ्यांना आठवतोय. तो दादाला कुठं भेटला, ते आज इथं ग्रुपवर सांगते. टायपिंगच्या चुका काढत बसू नका.

आम्ही येरमाळ्याचे. वडील, म्हणजे अण्णा, शाळेत गुरुजी. निजामाच्या काळात उर्दूत शिकलेले, त्यामुळं रागावले की उर्दू यायची. खोटं बोलणं म्हणजे त्यांच्या लेखी चोरीपेक्षा वाईट.

चैत्रात आमच्या येडाई देवीची यात्रा. पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी पालखी आमराईकडं निघते. वाटेत चुन्याचं रान लागतं. तिथं प्रत्येकानं चुनखडीचे पांढरे खडे वेचायचे आणि ढिगावर टाकायचे, ही रीत.

त्या वर्षी दादा असेल दहा-अकराचा. त्यानं गल्लीतल्या पोरांना सांगून ठेवलं, "ते खडे न्हायत रे. खाली राक्षस झोपलाय, त्याचे दात हायत. दरसाल आपण दात नेतो. बिचारा भाकर कशानं खाईल?"

झालं!

लोक खडे वेचतायत आणि आमची पोरं ढिगावरचे खडे उचलून परत मातीत पुरतायत. मीही त्यात. एक पोरगी तर भोकाड पसरून बसली, "त्याचे दात नका न्हेऊ!"

जळकोटहून आलेल्या एका मावशीनं घाबरून हातातले खडे टाकून दिले. तिचं बघून मागच्या बायकांनी टाकले. कुणाला काही कळेना.

अण्णांना कळलं. सगळ्या गावासमोर गुरुजींचा पोरगा थापाड्या ठरला.

"झूट का बोललास?"

"झूट न्हाय अण्णा. गोष्ट सांगत होतो."

"गोष्ट आहे असं आधी सांगितलंस का?"

"तसं सांगितलं तर मजा जाती की!"

मार तर बसलाच. पण त्याहून वाईट म्हणजे अण्णांनी त्याच्यावर विश्वास ठेवणं सोडलं. दादा म्हणाला एसटी आली, की अण्णा स्वतः रस्त्यावर जाऊन बघायचे. मॅट्रिक पास झालो म्हणाला, तर हेडमास्तरांना विचारून आले. तेव्हा दादाचं तोंड बघवत नव्हतं हो.

तो मुंबईला गेला. नाटकांचे पडदे रंगवले, बालनाट्यात झाडं झाला, माकडं झाला. पुढं टीव्ही आला आणि आमच्या थापाड्याला हक्काची जागा मिळाली.

ट्रकची ट्यूब, गोणपाट आणि गादीतला कापूस यातून त्यानं तो राक्षस उभा केला. दात नसलेला, भाकर दुधात कुस्करून मागणारा. साहेब लोक म्हणाले, भाषा शुद्ध करा. दादा म्हणाला, "येरमाळ्याचा राक्षस पुण्यातल्यासारखा कसा बोलंल?" आणि महाराष्ट्रभरची पोरं "लई भूक लागली वं" म्हणत फिरायला लागली!

स्टुडिओत त्याचा एक कडक नियम होता. मुलांसमोर राक्षसाचं डोकं उतरवायचं नाही. आतला नट घामानं भिजला तरी चहा पडद्यामागं. कॅमेरामन एकदा मुलांदेखत "मास्क नीट करा" म्हणाला, तर दादानं शूटिंग थांबवलं. स्क्रिप्ट आधी मुलांना वाचून दाखवायचा. एखादं पोरगं जांभई देताना दिसलं की ते पान फाडलंच.

बक्षिसं मिळाली, पेपरात फोटो आले. अण्णा अक्षर बोलले नाहीत.

पुढं हायवेवरच्या हॉटेलवाल्यानं गावात पहिला टीव्ही आणला. दादा सुट्टीवर आला होता. कार्यक्रमाच्या वेळेला मी अण्णांचा हात धरला. "बघू नका, नुसतं बसा," म्हटलं. आले. काठीवर हनुवटी टेकून बसले.

सगळं हॉटेल पोरांनी भरलेलं. राक्षस आला तशी पुढची एक चिमुरडी घाबरली, मागं वळली.

"गुरुजी, ह्यो खरा हाय का वं?"

गुरुजी खोटं बोलत नाहीत, हे गावातल्या शेंबड्या पोरालाही माहीत. दादा गल्ल्यापाशी उभा होता, हातात कप.

अण्णांनी टीव्हीकडं बघितलं. मग तिच्याकडं.

"खरा हाय बाळ. आमच्या दिगूनं बघितलाय त्याला."

दादा कप तसाच ठेवून बाहेर गेला. मी मागं गेले, तर एसटीच्या थांब्यावर उभा राहून लहान पोरासारखा रडत होता. मीही रडले. दोघांनाही कुठं जायचं नव्हतं, आणि कंडक्टर विचारतोय, "बार्शी का कळंब?"

अण्णा जाऊन खूप वर्षं झाली. आज दादा गेला.

श्रद्धांजलीचे मोठे शब्द मला येत नाहीत.

नीट जा रे दादा. अण्णा भेटतील. त्यांना काय सांगायचं ते सांग.

आता ऐकतील ते.