नाव उतरवून आखाड्यात

"आडनाव नको टाकूया."

काका हे बोलले तेव्हा त्यांच्या हातात माझ्या भाषणाचं पोस्टर होतं. सिंगापुरात, नोव्हेना भागातल्या त्यांच्या कॉन्डोची फंक्शन रूम. इथल्या मराठी मंडळींचा रविवारचा कार्यक्रम. मी विद्यापीठात सुमोतल्या परदेशी मल्लांवर संशोधन करतो. तेच सांगायला बोलावलेलं. काका संयोजक; नात्यातले नव्हेत, इथं सगळेच त्यांना काका म्हणतात. आयटीत मोठे मॅनेजर.

"का नको?"

"अरे, नुसतं तुझं नाव आणि वडिलांचं. सुटसुटीत. इथं आपण सगळे मराठी. उगाच कुणाच्या मनात काही यायला नको."

"तुमचं आहे की खाली. आडनावासकट."

"माझं वेगळं रे. मला सगळे आडनावानंच ओळखतात." हसले. खांद्यावर हात ठेवला. हात जड होता.

लोक येऊन बसले होते. टेबलावर फोन उभा केला होता. त्यात गावाकडे आप्पा, माझे वडील. जन्मभर नगरपालिकेत झाडू मारला. माझं भाषण ऐकायला गल्लीतली माणसं गोळा करून बसलेले. काकांनी अर्ध्या नावानं ओळख करून दिली. टाळ्या.

मी बोललो. सुमोच्या एका तालमीत परदेशी मल्ल एकच, असा नियम. मंगोलियातनं पोरगं येतं. केस वाढवतं, भाषा शिकतं, जपानी नाव घेतं. नवं नाव जपानी पोरंही घेतात. पण त्यांच्यातले काही घरच्या आडनावानं वरच्या फळीपर्यंत गेलेत. परदेशी पोराला ती मुभा जवळजवळ नाहीच. सगळ्यात मोठा किताब मिळवला, तरी पुढं स्वतःची तालीम चालवायची तर आधी आपल्या देशाचं नागरिकत्व सोडायचं.

पुढच्या रांगेतले एक गृहस्थ म्हणाले, "जिंकतील हो. पण ती शालीनता बाहेरच्याला येत नाही. रक्तातच लागते."

माना डोलल्या.

काका म्हणाले, "पण सामावून घेतलं ना त्यांना? नाव दिलं, मान दिला. आणखी काय हवं?"

मला उत्तर येत होतं.

तेवढ्यात फोनमधनं आप्पांचा आवाज आला. सगळ्यांना ऐकू गेला. "लई भारी बोललास. पर सुरवातीला नाव अर्धंच आलं बघ. आवाज गेला हुता काय रं?"

काकांनी मला डोळ्यांनी खुणावलं. हो म्हण.

हो म्हणणं सोपं होतं. पण मुकादम ज्या आडनावानं 'ए कांबळ्या' करत आप्पांना गटारात उतरवायचा, तेच आडनाव माझ्या डिग्रीवर आलं तेव्हा आप्पांनी त्यावर बोट फिरवून फिरवून वाचलं होतं.

"आवाज गेला नव्हता, आप्पा. गाळलं. इथं बसलेल्यांना त्रास होईल म्हणून गाळलं." मग खोलीकडं वळलो. "माझं आडनाव कांबळे."

"झालं समाधान?" काका म्हणाले. "विषय सुमोचा होता."

"विषय हाच होता, काका."

पडद्यावर दिसलं, आप्पांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. मग फोन बंद झाला. त्यानंतर रोज बोलतो आम्ही. जेवलास का, तब्येत कशी. त्या दिवसाबद्दल ते एक शब्द काढत नाहीत. मुलगा समुद्रापार गेला, इतका शिकला, तिथंही मुकादम भेटलाच. हे त्यांना कळलं, ते माझ्या तोंडून.

आता कुठंही बोलवा. आधी पूर्ण नाव छापा. नाही छापलं तरी मी येईन. दारात उभा राहीन आणि आत जाणाऱ्या प्रत्येकाला ते तोंडानं सांगीन.