वानखेडेंची गॅप

रिटायर झालेल्या माणसाजवळ दुसरं काही साठो न साठो, किस्से मात्र साठतात. भिलाईत, वैशाली नगरातल्या आमच्या छोट्या बगीच्यात सकाळी चहाचा थर्मास उघडला की एखादा बाहेर येतोच. आम्ही तिघे. स्टील प्लांटच्या रेल मिलमध्ये रूळ तपासण्यात सगळी नोकरी घालवलेले वानखेडे, प्लेट मिलचे मोहोड आणि अकाउंट्सचा मी. त्या दोघांच्या मते मी प्लांटमध्ये फक्त पंख्याखाली बसायला जात होतो!

यातले झकास किस्से एकाच कामाचे आहेत. बगीच्यातल्या पायवाटेला कड बसवण्याचे.

काम निघालं वानखेडेवहिनींसाठी. त्यांची नजर फार अधू झाली होती. फिरायची हौस दांडगी, पण "कोनाचा हात धरून मी फिरनार नाई!" हे ठाम. वाटेला पक्की कड असली तर काठीच्या अंदाजानं एकटीला फिरता येईल, म्हणून वानखेडे हट्टाला पेटले.

*

पहिला विचार तिरप्या विटांचा. क्वार्टरमध्ये असताना प्रत्येकाच्या बागेला तीच कड असायची, गेरू-चुना मारलेली. मी हौसेनं चार विटा रोवून दाखवल्या. वहिनींनी काठी फिरवली, ती दोन विटांच्या मधे अडकली.

"भाऊजी, ही कड होय का करवत?"

विटा बाद!

*

मोहोड छाती काढून म्हणाले, "आपन जिंदगीभर स्टील बनवलं, अन् बगीच्याले वीट लावून राहिलो?" आणि लोखंडी पट्टी आणून त्यांनी एका बाजूला ठोकलीसुद्धा.

दुसऱ्या दिवशी पट्टी गायब! कुणीतरी उपटून नेली होती. मला वाटलं, मोहोड आता भडकणार. ते मिशीतल्या मिशीत हसले.

"पाहा लेको! आपल्या मालाले अजून डिमांड हाय!"

*

शेवटी जवळच्या मरोद्याहून सिमेंटचे ठोकळे आणले. वानखेडेंनी सुतळी ताणली. पण आमची वाट कडुनिंबाला वळसा घालून जाते, आणि वानखेडे वळायला तयार नाहीत. वाकडा रूळ दिसला की खडूनं फुली मारण्यात त्यांचा जन्म गेलेला.

"वाकडं म्हंजे रिजेक्ट!"

मी डोकं चालवलं. "वानखेडे, पटरी तं वळतेच ना?"

"लावनारे वाकवतात. आमच्या मिलमधून सरळच गेली!"

आम्ही सुतळी वळवली, तोवर ते पाठ करून उभे राहिले. खरं सांगतो, मला त्या पाठीचा अभिमान वाटला.

*

मग ठोकळे बसवताना ते प्रत्येक जोडात बोटभर गॅप सोडू लागले.

"हे कावून?" मी विचारलं.

"उन्हाळ्यात फुगन ना! गॅप नाई ठेवली तं लाईन वाकडी होते."

"इथून दुर्ग स्टेशनले कोनती एक्सप्रेस जानार हाय?" मोहोड म्हणाले.

येणारा-जाणारा विचारायचा, सिमेंट कमी पडलं का? वानखेडे कुणाचं ऐकेनात. गुडघे सुजले, तरी मिस्त्रीला हात लावू दिला नाही. एकही ठोकळा हलत नाही आजही! नागपूरहून पाहुणे आले की आम्ही त्यांना ती कड दाखवायला नेतो. भिलाईच्या माणसाचं काम आहे, असं सांगतो. तेव्हा मात्र कौतुक सगळ्याचं करायचो, गॅप सोडून!

*

मग वहिनींचा दिवस उजाडला. गेटपासून टोकाच्या बाकापर्यंत एकटीनं जायचं होतं. वानखेडेंना त्यांनी गेटवरच अडवलं.

"मांगं येऊ नका."

"नाई येत."

वहिनी निघाल्या, काठी कडेवर घासत. वानखेडेंनी गुपचूप चपला काढल्या आणि अनवाणी त्यांच्या मागे निघाले. मोहोड आणि मी थर्मास धरून नुसते पाहत राहिलो.

काठी गॅपवरून गेली. खट्-खट्. पुढचा ठोकळा, पुन्हा गॅप. खट्-खट्. वहिनींची पावलं हळूहळू त्या ठेक्यात पडू लागली. कडुनिंबाचं वळण त्यांनी न अडखळता घेतलं. मोहोडांनी माझा दंड घट्ट धरला.

कड संपली, काठी थांबली. वहिनी बाकावर बसल्या. पदर सारखा केला आणि मान न वळवता म्हणाल्या,

"दुर्ग आलं! मांगचा डबा पोचला का?"