ब्राझीलमामाचा सिनेमा तुमच्या कपाटात आहे

माझ्या मामा-मामीवर अन्याय झाला तो पोळ्याच्या दिवशी, दुपारी ठीक दोन वाजता, मी बारावीत नापास झालो त्या वर्षी. आणि तो करणारा केबलवाला आजही गावात ताठ मानेनं हिंडतो. हे आधीच लिहून ठेवतो, कारण पुढं मामाविषयी लिहिताना हसू येईल आणि राग पातळ होईल. हिंगोली जिल्ह्यात, म्हणजे तो परभणीचाच तुकडा होता तेव्हापासून, मामाएवढा मोठा दिग्दर्शक झाला नाही. दुसरा कुणी नव्हताच, असं ज्यांना म्हणायचंय त्यांनी हे पत्रक इथंच खाली ठेवावं.

मामा आमच्या तांड्यावरचा, धंद्यानं लग्नाचा व्हिडिओवाला. ब्राझीलमधल्या कुणा दिग्दर्शकानं टीव्हीच्या मालिका करत करत पुढं मोठे सिनेमे काढले, अशी चार ओळींची बातमी त्याला भज्यांच्या कागदावर सापडली. "ब्राझीलात जमतंय, त कळमनुरीत काहून न्हाई?" म्हणत त्यानं तो तेलकट कागद खिशात घातला. तेव्हापासून अख्खा तालुका त्याला 'ब्राझील' म्हणायला लागला. लोक चिडवायचे, तो पदवी समजायचा. डोंगरकड्याच्या एका लग्नात त्यानं नवरदेवाला घोड्यावरून तीनदा उतरवलं. "तोंडावर आनंद न्हाई दिसून राहिला, पुन्हा उतरा!" चौथ्यांदा नवरदेव तयार होता, घोडा नव्हता.

सिनेमासाठी वेगळ्या कॅसेट घेणं त्याला झेपणारं नव्हतं. तीन तासांच्या कॅसेटवर लग्न अडीच तासांत आटपलं, की उरलेल्या पट्टीवर तो आपला एक प्रसंग उरकायचा. घरी दोन व्हीसीआर जोडून तेवढा तुकडा आपल्या एकुलत्या एका कॅसेटवर उतरवून घ्यायचा आणि मूळ कॅसेट लग्नघरी पोचती करायचा. नट म्हणजे जेवून सुस्तावलेले पाहुणे. त्यामुळं नायकाच्या बापाचं काम अकरा जणांनी केलं, अकराही फेटे बांधलेले. हट्टा गावच्या लग्नात बाप झालेल्या नवरीच्या चुलत्यानं मरायला साफ नकार दिला. "शुभकार्यात मरू व्हय? येडा हायस का?" मग बाप मेला नाही, नुसता रुसला, आणि कथा तिथून वेगळीच निघाली.

नायिका मात्र एकच, आमची मामी. कॅमेरा सुरू झाला की ती लाजून पाठ फिरवायची.

"तुमी म्होरून काढा की."

"अगं, म्होरूनच काढून राहिलो! तूच फिरून राहिलीस!"

नरसीच्या एका लग्नात ती एकदाच समोर बघून हसली. मामा म्हणायचा, सिनेमा झाला तो तिथं; पण पुरा होईस्तोवर त्यानं तो तिलाही दाखवला नाही.

सहा वर्षांनी सगळे तुकडे जोडून झाले. जोडलेली कॅसेट एकच. केबलवाल्यानं पोळ्याला दाखवायचं कबूल केलं. मामीनं सैपाक आटपून अख्खा तांडा टीव्हीपुढं बसवला. दोन वाजले आणि पडद्यावर आलं केबलवाल्याच्या मेव्हण्याच्या दुकानाचं उद्घाटन, आमचा सिनेमा पुसून आमच्याच कॅसेटवर भरलेलं! मी तसाच भांडायला गेलो. तो म्हणाला, "सगळे फेटेवाले दिसले भौ. म्हटलं, कुणाचं तरी जुनं लगीन असंल."

परत आलो तर मामा ते उद्घाटन शेवटपर्यंत बघत बसलेला. "फीत कापताना कॅमेरा जवळ न्यायला पायजे होता," एवढंच बोलला. मामीनं हळूच विचारलं, "म्या हसले होते, ते नीट आलं होतं का वं?"

"लई बराबर आलं होतं," मामा म्हणाला, आणि मग उठून बैलांकडं गेला.

आता मामा मोबाइलचं रिचार्ज मारतो. मामीनं स्वतःला अजून पाहिलेलं नाही. तिनं सहा वर्षं त्याचा कॅमेऱ्याचा स्टँड उन्हातून वाहिला, आणि तिचं हसू आज कुणाच्या तरी ट्रंकेत, आहेराच्या मागं पडून आहे. मामाला राग येत नाही, म्हणून तो मला येतो.

तुमच्या घरी सीडी आली असेल, तरी मामानं काढलेली लग्नाची कॅसेट भंगारात घालू नका. आहेर संपला, पाहुणे पांगले की तुम्ही बटण दाबता, दाबू नका. पट्टी पुढं चालू द्या. पाठमोरी बाई दिसली, तर ती कॅसेट घेऊन आमच्या तांड्यावर या. व्हीसीआर दुरुस्त करून ठेवलाय. आणि नरसीचं ते लग्न ज्यांच्या घरचं असेल, त्यांनी आजच उठा.